पैनगंगेच्या दोन्ही काठांवर फ्लोराइड: पलीकडच्या बोअरमुळे आपलं पाणी बिघडतं का?

काठावरचा (प्रश्न; खालची नावं उत्तरं देणाऱ्यांची टोपणनावं)

गाव केळापूर तालुक्यातलं, पैनगंगेच्या उत्तर काठावर. नदी ओलांडली की आदिलाबाद जिल्हा, म्हणजे तेलंगणा. नळयोजनेची बोअर ११० मीटर खोल आहे, पात्रापासून साधारण ७०० मीटर आत. गावात जुनी सार्वजनिक विहीरही आहे, १२ मीटर खोल. पलीकडच्या काठापासून साडेतीनशे मीटरवर अलीकडे खोल शेतबोअर झाल्या आहेत.

मार्चमध्ये जलसुरक्षकाने किटवर तपासलं तेव्हा बोअरच्या पाण्याचा रंग फ्लोराइड १.५ च्या पट्टीशी जुळला. मे महिन्यात प्रयोगशाळेचा अहवाल आला तो असा (सगळे आकडे मि.ग्रॅ./लि.):

बोअर: पीएच ८.३, कॅल्शियम १८, मॅग्नेशियम २२, सोडियम १६५, पोटॅशियम २, बायकार्बोनेट ४१०, क्लोराइड ७०, सल्फेट ३०, नायट्रेट २०, फ्लोराइड ३.२.
विहीर: पीएच ७.४, कॅल्शियम ९६, नायट्रेट ५८, फ्लोराइड ०.६.

गावात चर्चा अशी की पलीकडच्या उपशामुळे दोन महिन्यांत फ्लोराइड दुप्पट झालं. हे शक्य आहे का? विहिरीचं आणि बोअरचं पाणी मिसळून देता येईल का? आणि तक्रार करायचीच झाली तर दोन राज्यांत ती कुठे करायची? ग्रामपंचायतीला हिरवं कार्ड मिळालेलं आहे, तरी हे कसं, असंही लोक विचारतात.

नमुना बाटली

आधी "दुप्पट" हा शब्द बाजूला ठेवा. मार्चचा आकडा किटचा, मेचा प्रयोगशाळेचा. दोन्ही एकाच पट्टीवर बसत नाहीत.

किटमध्ये झिर्कोनियम आणि रंगद्रव्य यांचं संयुग असतं. फ्लोराइड ते रंगद्रव्य सोडवतं आणि लाल रंग फिका होत जातो. एसपीएडीएनएस नावाच्या रंगद्रव्याची ही पद्धत साधारण १.४ पर्यंतच सरळ रेषेत चालते. त्यापुढे रंग इतका उतरलेला असतो की १.५, २ आणि ३ यांतला फरक डोळ्याला कळत नाही. म्हणून किटवरच्या १.५ चा अर्थ "१.५ किंवा त्याहून जास्त" एवढाच घ्यायचा. उपाय सोपा आहे: नमुन्यात तेवढंच ऊर्ध्वपातित पाणी मिसळायचं, वाचन घ्यायचं आणि दुप्पट करायचं. तरीही रंग पट्टीच्या टोकाला गेला तर एकास तीन पाणी घालून चौपट करायचं.

उलटी चूकही होते. नमुना ब्लिचिंग टाकल्यानंतरच्या टाकीतून घेतला असेल तर क्लोरीनच रंग उडवतं आणि नसलेलं फ्लोराइड दिसतं. नमुना नेहमी क्लोरीन टाकण्याआधीच्या तोटीचा घ्या.

पुढचा नमुना असा घ्या. दीडशे मिलिमीटर व्यासाच्या बोअरमध्ये दर मीटरला १७.७ लिटर पाणी असतं. पाणीपातळी २० मीटरवर असेल तर ९० मीटरच्या स्तंभात सुमारे १,६०० लिटर. त्याच्या तिप्पट उपसा, म्हणजे तासाला ५,००० लिटर देणारा पंप जवळपास तासभर. आधीच भरून घेतलं तर केसिंगमध्ये मुरलेलं शिळं पाणी बाटलीत येतं. विद्युतवाहकता पाच-पाच मिनिटांनी तीनदा मोजा, तिन्ही वाचनं पाच टक्क्यांच्या आत आली की बाटली भरा. बाटली प्लॅस्टिकची हवी, कारण काचेशी फ्लोराइडची प्रक्रिया होते. त्याच पाण्याने तीनदा विसळा, काठोकाठ भरा, आम्ल घालू नका. आम्ल फक्त धातूंच्या वेगळ्या बाटलीत. फ्लोराइड २८ दिवस टिकतं, पण नायट्रेट बर्फाच्या डब्यातून ४८ तासांत प्रयोगशाळेत पोचलं पाहिजे. उन्हात दोन दिवस मोटरसायकलच्या डिकीत फिरलेल्या बाटलीचं नायट्रेट काय सांगणार?

तुमचा मेचा अहवाल मात्र विश्वासाचा वाटतो. धनभार आणि ऋणभार मिलिइक्विव्हॅलंटमध्ये (घटकाचं वजन भागिले त्याचं एका विद्युतभारामागचं वजन) जुळतात का पाहिलं. कॅल्शियम १८ भागिले २०.०४ म्हणजे ०.९०, मॅग्नेशियम १.८१, सोडियम ७.१८, पोटॅशियम ०.०५, बेरीज ९.९४. दुसऱ्या बाजूला बायकार्बोनेट ६.७२, क्लोराइड १.९७, सल्फेट ०.६२, नायट्रेट ०.३२, फ्लोराइड ०.१७, बेरीज ९.८०. फरक एक टक्क्याच्याही आत. पाच टक्क्यांपर्यंत चालतो. दहाच्या वर गेला तर अहवाल परत पाठवायचा. विहिरीच्या अहवालात निम्म्याहून जास्त घटक दिलेलेच नाहीत, त्यामुळे तो असा पडताळता येत नाही. पुढच्या वेळी दोन्हींची पूर्ण यादी मागा.

हिरवं कार्ड स्रोताभोवतीची स्वच्छता, गळती, ब्लिचिंगचा साठा यांवर मिळतं. फ्लोराइडशी त्याचा संबंध नाही. हा गैरसमज फार ठिकाणी आहे.

काळा कातळ

अहवालातच अर्धं उत्तर आहे. मिलिइक्विव्हॅलंटमध्ये पाहिलं तर सोडियम हे क्लोराइडच्या साडेतीन पटींहून जास्त, म्हणजे हे सोडियम मिठातून आलेलं नाही. पाणी मातकट थरांतून सावकाश झिरपताना कॅल्शियम तिथे देऊन सोडियम घेऊन आलं आहे. कॅल्शियम कमी झालं की फ्लोराइडला मोकळं रान मिळतं, कारण फ्लोराइटची (कॅल्शियम आणि फ्लोराइडच्या खनिजाची) विद्राव्यता कॅल्शियमने बांधलेली असते. ढोबळ हिशेब, क्रियाशीलतेची दुरुस्ती न धरता: कॅल्शियम ९६ असेल तर फ्लोराइडची कमाल १.९ च्या आसपास, कॅल्शियम १८ असेल तर ४.५. म्हणजे तुमची बोअर ३.२ वर असली तरी अजून वर जाऊ शकते. लोक "बोअरचं पाणी हलकं, डाळ लवकर शिजते" म्हणून तेच पसंत करतात, इथेच फसगत होते. जड पाण्याची विहीर फ्लोराइडच्या दृष्टीने बरी.

केळापूर-झरी पट्ट्यात वरचा बेसाल्ट पातळ होत जातो आणि खाली पैनगंगा गटाचे चुनखडक व शेल लागतात. किनवटकडे ग्रॅनाइट-नाईस उघडे आहेत. खडक नदीपाशी थांबत नाही, पलीकडेही तोच. त्यामुळे दोन्ही काठांवर फ्लोराइड सापडणं हे एकाने दुसऱ्याला दिलेलं प्रदूषण नव्हे. हे खडकातून येतं, आणि जितकं खोल व जुनं पाणी उपसाल तितकं जास्त येतं.

आता पलीकडच्या उपशाचा परिणाम पोचतो का? त्या बोअरपासून तुमच्या बोअरपर्यंत पात्र धरून अंतर सव्वा किलोमीटरच्या आसपास असावं. प्रभावाची त्रिज्या ढोबळमानाने १.५ गुणिले (पारगम्यता × दिवस ÷ साठवण गुणांक) याचं वर्गमूळ. पारगम्यता म्हणजे थराच्या पूर्ण जाडीतून पाणी किती सहज वाहतं, साठवण गुणांक म्हणजे पातळी उतरताना थर किती पाणी सोडतो. पारगम्यता दिवसाला ३० चौ.मी. आणि हंगाम १०० दिवस धरू. वरच्या झिजलेल्या मुरमात साठवण गुणांक ०.०२ असेल तर त्रिज्या ५८० मीटर येते, म्हणजे पोचत नाही. पण खालच्या बंदिस्त फटीत तोच गुणांक ०.०००५ धरला तर त्रिज्या ३.६ किलोमीटरच्या वर जाते. एकाच गावात, एकाच पंपाला, दोन उत्तरं. म्हणून "अमुक मीटरच्या बाहेर आहे, चिंता नको" हे खोल बोअरच्या बाबतीत कुणी सांगितलं तर ऐकू नका.

दुसरी गोष्ट नदीची. पात्रात पाणी आहे तोवर दोन्ही काठांचं भूजल नदीकडे झिरपतं आणि नदी दोघांमधल्या दुभाजकासारखी असते. उन्हाळ्यात पात्र कोरडं पडलं की हा दुभाजक जातो, मग उपशाने भूजलात पडलेला खळगा नदीपलीकडे सरकू शकतो. पैनगंगेवरच्या चनाखा-कोरटा बंधाऱ्याचं पाणी जिथवर तुंबतं तिथवर हा दुभाजक उन्हाळ्यातही टिकेल. तुमचं गाव त्या फुगवट्यात येतं की वर राहतं, हे आधी बघा.

काठावरचा

फुगवट्याच्या वर आहे, एप्रिलपासून पात्रात डबकीच उरतात. मग पलीकडचा परिणाम आहे की नाही हे ठरवायचं कसं? गुणांक तर आमच्याकडे नाहीत.

काळा कातळ

गुणांक नसला तरी चालेल, पाणीपातळी मोजा. गावात वापरात नसलेली एखादी खोल बोअर शोधा. दिवा किंवा घंटी लागणारी पाणीपातळी टेप १०० मीटरची घ्या आणि ४८ तास दर पंधरा मिनिटांनी वाचन नोंदवा. आपल्याकडे शेतीची थ्री-फेज वीज फेऱ्यांनी येते, त्यामुळे आपल्याच बोअरचा परिणाम करवतीच्या दातांसारखा दिसेल: वीज आली की उतार, गेली की चढ. तेलंगणात १ जानेवारी २०१८ पासून शेतीला २४ तास मोफत वीज आहे, म्हणून त्या बाजूचे दात आपोआप दिसणार नाहीत. पलीकडच्या तीन-चार शेतकऱ्यांना विनंती करून २४ तास पंप बंद ठेवायला लावा आणि त्याच काळात आपलेही बंद. मग पलीकडचे आधी सुरू करा, आपले सहा तासांनी. त्या सहा तासांत तुमच्या टेपवर पातळी उतरली तर संबंध आहे. उतरली नाही तर मात्र संबंध नाही असं ठरत नाही: वरच्याच सूत्राने बंदिस्त फटीतूनही सव्वा किलोमीटरला अकरा-बारा दिवस लागतात. ५ सेंटिमीटरच्या आतला फरक सोडून द्या. बंदिस्त फटीत हवेचा दाब बदलला तरी तेवढी पातळी हलते.

हे मेमध्ये करा. ऑगस्टमध्ये केलं तर पाऊसच मोजाल.

आणि संबंध निघाला तरी फ्लोराइडचा दोष त्यावरून सिद्ध होत नाही. पातळी खाली गेल्यावर वरच्या फटी कोरड्या पडून खालच्या फटींचा वाटा वाढतो, एवढाच दुवा. आपल्या स्वतःच्या उपशानेही हेच होतं. ११० मीटरच्या बोअरमध्ये फ्लोराइडची फट तळाशी निघाली, तर तेवढा भाग बेंटोनाइट (पाण्याने फुगणारी माती) आणि सिमेंटने बुजवून बोअर उथळ करता येते. पाणी कमी मिळेल, पण बरं मिळेल. त्याआधी वेगवेगळ्या खोलीवर वाहकता मोजून फट नेमकी कुठली ते बघायला हवं, नाहीतर चांगली फट बुजवून वाईट राखली असं होतं.

गावकी

एवढं मोजत बसण्यापेक्षा सरळ आंतरराज्य लवादाकडे जा की. नदीचं पाणी वाटलंच आहे ना दोन राज्यांत.

कलम सात

नदीचं वाटलंय, भूजलाचं नाही. पैनगंगा गोदावरीच्या खोऱ्यातली, आणि गोदावरी लवादाच्या १९८० च्या निवाड्यात प्रत्येक राज्याला आपल्या हद्दीतलं भूजल वापरण्याची मोकळीक आहे आणि तो वापर नदीच्या वाट्यात मोजला जात नाही. कृष्णेच्या बचावत लवादानेही तेच केलं. राज्यघटनेचा अनुच्छेद २६२ आणि १९५६ चा आंतरराज्य नदी जलविवाद कायदा नदी आणि नदीखोऱ्याची भाषा बोलतात. २३ ऑगस्ट २०१६ चा महाराष्ट्र-तेलंगणा करार मेडिगड्डा, तुमडीहेटी, चनाखा-कोरटा या बांधकामांबद्दल आहे. निम्न पैनगंगा प्रकल्पात महाराष्ट्राला ८८ आणि तेलंगणाला १२ टक्के अशी वाटणी आहे, तीही पृष्ठजलाची.

जमिनीखालच्या पाण्यावर मूळ नियम अजून १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याचा, कलम ७: ठरावीक प्रवाहात न वाहणारं आपल्या जमिनीखालचं पाणी मालकाने घ्यावं. त्यावर महाराष्ट्रात २००९ चा भूजल कायदा आला, लागू १ जून २०१४ पासून. तो ६० मीटरपेक्षा खोल विहिरीला खोल विहीर मानतो आणि अधिसूचित क्षेत्रात तिला मनाई करतो. तुमची नळयोजनेची बोअरच ११० मीटरची आहे, हे तक्रार लिहिताना लक्षात असू द्या, समोरचा पहिला प्रश्न तोच विचारेल. तेलंगणात २००२ चा वाल्टा (पाणी, जमीन आणि झाडांचा) कायदा, तिथे बोअरला परवानगी लागते. सार्वजनिक स्रोतापासून ५०० मीटर हा आकडा आपल्याकडे १९९३ च्या पेयजल कायद्यापासून रुळला आहे, पण तुमची बोअर पात्रापासून ७०० मीटर आत, तिथून हे वर्तुळ नदीपर्यंत पोचतच नाही. पोचलं असतं तरी नदीपलीकडे इथल्या जिल्हाधिकाऱ्यांचा हुकूम चालत नाही.

सीमेपलीकडच्या भूजलाचा चाललेला करार बघायचा तर जिनिव्हाचा. १९७८ मध्ये स्वित्झर्लंडचं जिनिव्हा कँटन आणि फ्रान्सचा ओत-साव्हुआ विभाग यांनी तो केला, तीस वर्षांसाठी, आणि २००७ च्या अखेरीस त्याचं नूतनीकरण झालं. दोन्ही बाजूंचे तीन-तीन सदस्य, त्यांतले दोन-दोन पाण्यातले जाणकार असलेच पाहिजेत. प्रत्येक पंपावर मीटर. फ्रान्सला वर्षाला ५० लाख घनमीटरपर्यंत उपसा, त्यातले २० लाख फुकट. आर्व्ह नदीचं पाणी वेसी इथल्या केंद्रात गाळून जमिनीत मुरवतात आणि नदी गढूळ झाली की मुरवणं बंद ठेवतात. पण सरसकट नक्कल करू नका. तिथे वाळू-गोट्यांचा एकच सलग थर आहे, कुणी किती घेतलं याचा जमाखर्च मांडता येतो. आपल्याकडे कातळातल्या फटी. तिथे घनमीटरची वाटणी कागदावरच राहील. घेण्यासारखी गोष्ट मीटरची आणि जाणकारांच्या समितीची.

तुरटी

मिसळण्याच्या प्रश्नाला कुणी हात लावला नाही, म्हणून लिहितो. पिण्याच्या पाण्याच्या आयएस १०५०० या भारतीय मानकाप्रमाणे फ्लोराइडची मर्यादा १.०, दुसरा स्रोतच नसेल तर १.५. नायट्रेट ४५, त्यात सवलत नाही. विहिरीचा वाटा ६५.४ टक्क्यांहून जास्त ठेवला तर फ्लोराइड १.५ च्या आत येतं. तो ६५.८ च्या वर गेला तर नायट्रेट ४५ ओलांडतं. म्हणजे अर्ध्या टक्क्याचीही फट नाही. व्हॉल्व्ह एवढा अचूक कोण फिरवणार? आणि फ्लोराइड १.० वर आणायचं तर विहिरीचा वाटा ८५ टक्के, तेव्हा नायट्रेट ५२.

म्हणून आधी विहिरीचं नायट्रेट उतरवा. उकिरडा, गोठ्याचं मूत, शोषखड्डा, संडासाची टाकी, यांपैकी काय चढाच्या बाजूला आहे ते बघा आणि हलवा. कठड्याभोवती पक्का ओटा आणि सांडपाण्याला बाहेर नेणारी नाली. नायट्रेट ४० वर आलं तर विहीर ८५ टक्के घेता येईल. मात्र विहिरीच्या पाण्याला क्लोरीन चुकवता येणार नाही, उथळ विहिरीत जंतूंचा धोका बोअरपेक्षा जास्त.

फ्लोराइड काढायच्या यंत्रांबद्दल थोडक्यात. नागपूरच्या नीरी संस्थेची नालगोंडा पद्धत म्हणजे तुरटी, चुना आणि ब्लिचिंग. चुना तुरटीच्या साधारण विसाव्या भागाइतका. दहा-पंधरा मिनिटं सावकाश ढवळायचं, तासभर निवळू द्यायचं. तुरटीचं प्रमाण जार चाचणी करूनच ठरवा, कारण तुमची क्षारता कॅल्शियम कार्बोनेटच्या हिशेबात ३३५ च्या आसपास आहे आणि ती बरीच तुरटी खाऊन टाकते. समजा लिटरला ५०० मि.ग्रॅ. लागली, तर सल्फेट सुमारे २३० ने वाढून २६० होतं, २०० ची इष्ट मर्यादा ओलांडतं. किराणा दुकानातली पारदर्शक खड्याची तुरटी वापरू नका. ती पोटॅशची, तिच्यात ॲल्युमिनियम कमी आणि हिशेब चुकतो.

सक्रिय ॲल्युमिना (फ्लोराइड धरून ठेवणारे ॲल्युमिनियम ऑक्साइडचे दाणे) पीएच ५.५ ला उत्तम चालते. तुमचं पाणी ८.३, त्यात बायकार्बोनेट भरपूर, त्यामुळे ती लवकर थकते. किलोला दीड ग्रॅम क्षमता धरली तर ३ किलोचा घरगुती फिल्टर, रोज २० लिटर, शंभरेक दिवस. मग एक टक्का कॉस्टिक सोड्याने धुऊन सौम्य आम्लाने पूर्ववत करावी लागते. ही संयंत्रं बंद पडतात ती इथेच: धुण्याची तारीख कुणी लिहीत नाही, पाणी स्वच्छ दिसतं, चव बदलत नाही आणि फ्लोराइड गुपचूप परत येतं. दर पंधरा दिवसांनी बाहेरच्या पाण्याची किट चाचणी हवीच.

आरओ लावणार असाल तर ४० टक्के शुद्ध पाणी मिळेल असं धरून टाकाऊ पाण्यात फ्लोराइड ५.२ होतं. ते शोषखड्ड्यात सोडू नका, विशेषतः त्या विहिरीजवळ. आणि माणशी रोजच्या सगळ्या ५५ लिटरला प्रक्रिया करायची गरज नाही. पिण्या-स्वयंपाकापुरतं माणशी ८ ते १० लिटर वेगळ्या तोटीवर द्या, बाकी धुण्या-अंघोळीला बोअर चालते.

नमुना बाटली

पलीकडच्या गावाशी बोलणार असाल तर तक्रारीचा कागद नेण्याऐवजी एक कोरा तक्ता न्या. आपली भूजल सर्वेक्षण यंत्रणा निरीक्षण विहिरी जानेवारी, मार्च, मे, ऑक्टोबरमध्ये मोजते. त्याच महिन्यांत, त्याच आठवड्यात दोन्ही गावांनी दोन-दोन बोअर मोजाव्यात. रकाने एवढे: तारीख-वेळ, पंप किती तास बंद होता, जमिनीपासून पातळी, काठाची समुद्रसपाटीपासून उंची (एकदाच, डीजीपीएस या अचूक जीपीएसने, नाहीतर दोन काठांच्या पातळ्या शेजारी ठेवून अर्थ लागत नाही), वाहकता, पीएच, कॅल्शियम, फ्लोराइड, पद्धत किट की इलेक्ट्रोड, पातळ केलं का. दोन्ही गावांचे नमुने एकाच प्रयोगशाळेत, आणि प्रत्येक खेपेला एक बाटली दुहेरी, नाव बदलून. दुहेरीत दहा टक्क्यांहून जास्त फरक आला तर ती खेप तक्त्यात धरायची नाही. तक्ता मराठीत आणि तेलुगूत, पण अंक इंग्रजीच ठेवा, तिकडे देवनागरी आकडे वाचताना अडतात.

काठावरचा

मे महिन्याची टेप चाचणी आणि तक्ता दोन्ही करतो. विहिरीच्या चढाला उकिरडा आहेच, अवघ्या आठ मीटरवर. तो आधी हलवतो.

तुरटी

हलवल्यावर लगेच नमुना घेऊ नका. मातीत साठलेलं नायट्रेट पहिल्या पावसात अजून खाली उतरतं, जुलैत आकडा उलट वाढलेला दिसेल. ऑक्टोबरचं वाचन धरा.